‘तुझी इच्छा काय?’ : एक साधा प्रश्न आणि त्याला होणारा उशीर

परतूर (प्रतिनिधी) : धर्माबादहून मनमाडकडे जाणारी मराठवाडा एक्स्प्रेस सकाळी परतूर स्थानकात शिरते, तेव्हा कागदपत्रांच्या पिशव्या छातीशी धरलेली काही माणसे फलाटावर हमखास दिसतात. प्रवासी या गाडीला ‘हायकोर्ट एक्स्प्रेस’ म्हणत आले, ते उगाच नव्हे. कोणाच्या पिशवीत सातबारा आणि फेरफार असतात, कोणाच्या पिशवीत निम्न दुधना प्रकल्पात गेलेल्या जमिनीच्या वाढीव मोबदल्याचे कागद. अधूनमधून मात्र पिशवीत एकच कागद असतो : मुलीच्या शाळा सोडल्याच्या दाखल्याची झेरॉक्स. ती पिशवी कधी मुलीच्या बापाच्या हातात असते, तर कधी तिच्याशी नुकतेच लग्न केलेल्या तरुणाच्या. दोघांनाही औरंगाबाद खंडपीठात एकच याचिका करायची असते. तिचे नाव हेबियस कॉर्पस.

दोन विरुद्ध बाजूंनी एकच हत्यार उचलावे, हेच या याचिकेचे वैशिष्ट्य आहे. ‘माझ्या मुलीला पळवून नेऊन डांबून ठेवले आहे,’ असे बाप म्हणतो. ‘माझ्या बायकोला तिच्या माहेरच्यांनी कोंडून ठेवले आहे,’ असे तरुण म्हणतो. कायद्याला मात्र या दोघांपैकी कोणाचेही उत्तर नको असते. त्याला तिसऱ्याच व्यक्तीला एक प्रश्न विचारायचा असतो : ‘तू इथे स्वतःच्या मर्जीने आहेस का, आणि तुला कुठे जायचे आहे?’ प्रश्न सोपा आहे. तो विचारला जाईपर्यंत जे घडते, ते सोपे नाही.

देह हजर करा

हेबियस कॉर्पस या लॅटिन शब्दांचा अर्थ ‘देह हजर कर’ असा होतो. मराठीत तिला बंदिप्रत्यक्षीकरण याचिका म्हणतात. ज्याच्या ताब्यात माणूस आहे त्याने त्याला न्यायालयापुढे आणावे आणि कोणत्या कायद्याने ताब्यात ठेवले ते सांगावे, एवढाच तिचा आशय. राज्यघटनेच्या ३२व्या कलमाखाली सर्वोच्च न्यायालयात आणि २२६व्या कलमाखाली उच्च न्यायालयात ती करता येते. आणीबाणीत, १९७६ साली, हा मार्ग सर्वोच्च न्यायालयाने बंद केला होता. ती चूक त्याच न्यायालयाने २०१७ मध्ये खासगीपणाच्या हक्काच्या निकालात उघडपणे निकालात काढली. त्यामुळे ही याचिका म्हटली की आपल्याला सरकार आणि तुरुंग आठवतो. प्रत्यक्षात डांबणारा सरकारच असला पाहिजे असे नाही. घरही तुरुंग होऊ शकते, हे २२६व्या कलमाला मान्य आहे.

मुंबईला तर हा वाद पावणेदोनशे वर्षांहून जुना आहे. १८३९ साली डॉ. जॉन विल्सन यांच्या प्रभावाखाली काही पारशी तरुणांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला. त्यांतील सोळा-सतरा वर्षांच्या धनजीभाई नौरोजींसाठी मुंबईच्या तत्कालीन सुप्रीम कोर्टात हेबियस कॉर्पसचा अर्ज झाला. मुलाला समज आलेली आहे, तो आपल्या मर्जीने जाईल तिकडे जाऊ शकतो, अशी भूमिका न्यायालयाने घेतली. चार वर्षांनी, १८४३ मध्ये, श्रीपत शेषाद्री या ब्राह्मण मुलासाठी तसाच अर्ज आला. तो बारा वर्षांच्या आतबाहेरचा होता. न्यायालयाने त्याला वडिलांच्या ताब्यात दिले. पुढे त्याला जातीत परत घेण्यासाठी मराठी वृत्तपत्राचे जनक बाळशास्त्री जांभेकर यांनी सनातन्यांचा रोष पत्करला, ती कथा प्रसिद्धच आहे.

ही दोन प्रकरणे शेजारी ठेवली, म्हणजे आजच्या प्रत्येक याचिकेचा सांगाडा दिसतो. वय किती, हा पहिला प्रश्न आणि मर्जी काय, हा दुसरा. धर्म, जात, घराण्याची अब्रू यांतले काहीही त्या सांगाड्यात बसत नाही.

रखमाबाईंना जे विचारले गेले नाही

याच्या उलट उदाहरणही मुंबईचेच आहे. अकराव्या वर्षी लग्न झालेल्या रखमाबाईंनी मोठेपणी नवऱ्याच्या घरी नांदायला जाण्यास नकार दिला. नवरा दादाजी भिकाजी याने १८८४ मध्ये वैवाहिक हक्कांसाठी दावा लावला. १८८५ मध्ये न्या. पिन्हे यांनी तो फेटाळला. अपिलानंतर प्रकरण पुन्हा चालले आणि मार्च १८८७ मध्ये न्या. फॅरन यांनी निकाल दिला : नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. रखमाबाईंनी तुरुंग पत्करण्याची तयारी दाखवली. ‘केसरी’ने त्यांच्याविरुद्ध लेखणी चालवली, सुधारकांनी त्यांची बाजू घेतली. अखेर १८८८ मध्ये दोन हजार रुपयांवर तडजोड झाली. रखमाबाई विलायतेला जाऊन डॉक्टर झाल्या.

तो दावा हेबियस कॉर्पसचा नव्हता, आणि नेमके तेच येथे महत्त्वाचे आहे. त्या खटल्यात न्यायालयापुढचा प्रश्न ‘ही बाई कोणाची?’ असा होता. हेबियस कॉर्पसमध्ये तो ‘हिची इच्छा काय?’ असा असतो. एका प्रश्नातून दुसऱ्यापर्यंत यायला या देशाला शंभराहून अधिक वर्षे लागली. आजही कोर्टाच्या आवारात, पोलीस ठाण्यात आणि गावच्या पारावर पहिलाच प्रश्न आधी तोंडात येतो.

१९८१ : परतूरला कोर्ट जवळ आले

निजामाच्या राजवटीत असलेल्या परतूरला मूलभूत हक्कांची ही वाट १९५० मध्ये राज्यघटनेबरोबर मिळाली. १९५६ मध्ये मराठवाडा द्विभाषिक मुंबई राज्यात आला, तेव्हा उच्च न्यायालय म्हणजे मुंबई झाले. मुलीचा शोध घेण्यासाठी मुंबई गाठणे त्या काळी किती जणांना परवडले असेल, याचा अंदाज कोणीही करू शकेल. १९८१ हे वर्ष मात्र परतूरच्या दृष्टीने दुहेरी महत्त्वाचे ठरले. १ मे रोजी हा तालुका परभणीतून निघून नव्या जालना जिल्ह्यात आला आणि २७ ऑगस्टला उच्च न्यायालयाचे औरंगाबाद खंडपीठ सुरू झाले. शहराचे नाव आता छत्रपती संभाजीनगर असले, तरी पक्षकारांच्या तोंडी आजही ‘औरंगाबाद हायकोर्ट’च आहे.

कोर्ट जवळ आले म्हणजे सुमारे सव्वाशे किलोमीटरवर आले. कोंडून ठेवलेल्या माणसासाठी हे अंतर किलोमीटरमध्ये मोजून चालत नाही. वकील गाठायचा, वकीलपत्र करायचे, प्रतिज्ञापत्र द्यायचे, दोन न्यायमूर्तींपुढे प्रकरण लागायचे, सरकारी वकिलांनी ठाण्याला कळवायचे, ठाण्याने शोध घ्यायचा आणि मग ती व्यक्ती हजर व्हायची. तातडीने झाले तरी यात दिवस जातात. त्या दिवसांतच तिची ‘इच्छा’ घडवली किंवा मोडली जाते.

सर्वोच्च न्यायालयाने काय सांगितले?

कायदा या बाबतीत अस्पष्ट आहे, असे म्हणायला आता जागा राहिलेली नाही. सज्ञान स्त्रीला तिच्या इच्छेविरुद्ध नारी निकेतनात ठेवता येणार नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७६ मध्येच सांगितले होते. २००६ मध्ये लता सिंह प्रकरणात न्यायालयाने स्पष्ट केले की, सज्ञान मुला-मुलीने जातीबाहेर लग्न केले तर आईवडील फार तर संबंध तोडू शकतात. त्यांना धमकावणे, मारहाण करणे वा त्यांच्यावर खोटे गुन्हे घालणे खपवून घेतले जाणार नाही.

२०१८ हे या विषयातले सर्वांत ठळक वर्ष. जानेवारीत सोनी गेरी प्रकरणात न्यायालयाने बजावले की, आईच्या भावनेने वा बापाच्या अहंकाराने हेलावून न्यायालयाने सज्ञान मुलीचे महापालक होऊ नये. मार्चमध्ये हादियाचा निकाल आला. केरळ उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये वडिलांच्या हेबियस कॉर्पस याचिकेवर तिचे लग्नच रद्द ठरवले होते. सर्वोच्च न्यायालयाने तिला समोर बोलावून विचारले आणि नंतर निकाल दिला की, हेबियस कॉर्पसच्या याचिकेत लग्न वैध की अवैध हे ठरवताच येत नाही. मुलगी डांबलेली नाही असे दिसले की याचिका तिथेच संपते. एप्रिलमध्ये नंदकुमार प्रकरण आले. तिथे मुलगी सज्ञान होती, मुलाला मात्र एकवीस पुरे झालेले नव्हते. उच्च न्यायालयाने मुलीला वडिलांच्या स्वाधीन केले होते. सर्वोच्च न्यायालय म्हणाले की, लग्नाचा प्रश्न बाजूला ठेवा. ती सज्ञान आहे, कोणाबरोबर राहायचे ते ती ठरवील.

हाच धागा डिसेंबर २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात दिसला. कुटुंबाच्या तक्रारीनंतर एका सज्ञान हिंदू तरुणीला चेंबूरच्या शासकीय महिला वसतिगृहात ठेवण्यात आले होते. तिच्यासाठी याचिका करणारा मुस्लिम तरुण एकवीस वर्षांचा नव्हता, म्हणजे कायद्याने लग्न शक्य नव्हते. न्या. भारती डांगरे आणि न्या. मंजुषा देशपांडे यांनी तरुणीशी संवाद साधला. तिला आईवडिलांकडे जायचे नव्हते, वसतिगृहातही राहायचे नव्हते. न्यायालयाने तिला मोकळे केले. तिने कुठे जावे, हे न्यायालयाने सांगितले नाही. या निकालाचे सारे महत्त्व त्या न सांगण्यात आहे.

‘समजुतीने मिटवू’

वर निकाल इतके स्पष्ट आणि खाली परिस्थिती वेगळी, असे का? उत्तर शोधायला खंडपीठाच्या पायऱ्या चढण्याची गरज नाही. ते तालुक्याच्या पोलीस ठाण्यात सापडते.

मुलगी घरातून गेली की नातेवाईक आधी ठाण्यात येतात. ती अठराच्या पुढची असेल, तर ‘मिसिंग’ म्हणून नोंद होते. अठराच्या आतली असेल, तर अपहरणाचा गुन्हा नोंदवावा लागतो. पुढे मोबाईलच्या लोकेशनवरून जोडपे पुण्यात, आळंदीत किंवा एखाद्या औद्योगिक वसाहतीत सापडते. आळंदीच्या मंगल कार्यालयांतून लग्नाचा दाखला घेऊन आलेली जोडपी मराठवाड्यातल्या पोलिसांना नवी नाहीत. येथून खरा प्रश्न सुरू होतो. दोघांना ‘जबाबासाठी’ ठाण्यात बोलावले जाते. तोवर दोन्हीकडचे नातेवाईक, गावचे पुढारी आणि कधी एखाद्या संघटनेचे कार्यकर्ते बाहेर जमलेले असतात. मुलीला आईसमोर बसवले जाते. आई रडते. मामा हात जोडतो. ‘चार दिवस घरी चल, मग रीतसर लग्न लावून देऊ,’ असे आश्वासन दिले जाते. जबाबात लिहिले जाते की मुलगी राजीखुशीने आईवडिलांसोबत जात आहे.

त्या वेळी ती खरोखर राजी असेल किंवा नसेल. पण जिथे बाहेर पन्नास माणसे उभी आहेत आणि आत नकार ऐकून घेणारे कोणी नाही, तिथल्या संमतीला संमती म्हणायचे का, हा प्रश्न कोणी विचारत नाही. ठाण्यातल्या हवालदाराचा हेतू वाईट असतो असे नव्हे. त्याला गावात दंगा नको असतो, तेढ नको असते. ‘समजुतीने मिटवू’ हे त्याच्या दृष्टीने शहाणपणच असते. फक्त त्या शहाणपणाची किंमत एकटी मुलगी मोजते.

बेळगाव जिल्ह्यातील एका प्राध्यापिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२१ मध्ये याच वृत्तीवर बोट ठेवले. घरच्यांना न सांगता लग्न करून ती परराज्यात पतीकडे गेली होती. तपास अधिकारी मात्र तिने ठाण्यात येऊन जबाब द्यावा यावर अडून बसला होता, न आल्यास पतीवर अपहरणाचा गुन्हा घालू असे सांगत होता. न्यायालयाने गुन्हा रद्द केला आणि अशी प्रकरणे कशी हाताळावीत याचे प्रशिक्षण पोलिसांना देण्यास सांगितले.

समजुतीने घरी नेलेल्या मुलीचे पुढे काय होते, याचे सर्वांत भीषण उत्तर मराठवाड्याने पाहिलेले आहे. डिसेंबर २०२१ मध्ये वैजापूर तालुक्यातील लाडगाव शिवारात, मनाविरुद्ध लग्न केले म्हणून एका गर्भवती तरुणीचा तिच्याच माहेरच्यांनी खून केला. अशी टोके विरळा असतात हे खरे. पण प्रत्येक कोंडलेल्या मुलीच्या मनात त्या टोकाची भीती असते, आणि न्यायमूर्तींपुढे ‘मला आईवडिलांकडेच राहायचे आहे,’ असे म्हणणाऱ्या आवाजात ती भीती कितपत मिसळली आहे, हे ओळखणे सोपे नसते.

दालनातला संवाद

ही अडचण ओळखूनच सर्वोच्च न्यायालयाने ११ मार्च २०२४ रोजी देवू जी. नायर प्रकरणात सर्व न्यायालयांसाठी मार्गदर्शक सूत्रे घालून दिली. अशा याचिकांना सुनावणीत अग्रक्रम द्यावा. संबंधित व्यक्तीशी न्यायाधीशांनी दालनात, खासगीत बोलावे. तिच्यावर कुटुंबाचे वा पोलिसांचे दडपण येणार नाही, याची खात्री करावी. समुपदेशनाच्या नावाखाली तिचे मन वळवू नये. तिची इच्छा कळताच विलंब न करता तिला मुक्त करावे आणि गरज असेल तर संरक्षण द्यावे. तिचे याचिकाकर्त्याशी नाते नेमके काय, याच्या खोलात शिरू नये.

या प्रकरणाची एक बाजू फारशी बोलली जात नाही. ज्या याचिकेतून ही सूत्रे निघाली, ती स्वतः फेटाळली गेली. न्यायिक अधिकाऱ्यापुढे त्या व्यक्तीने आपण आईवडिलांकडे मर्जीने राहत असल्याचे सांगितले आणि न्यायालयाने तो शब्द प्रमाण मानला. म्हणजे हेबियस कॉर्पस हे प्रेमिकांना मिळवून देण्याचे यंत्र नाही. मुलगी ‘माहेरी राहते’ म्हणाली की नवऱ्याची याचिका संपते, ‘नवऱ्याकडे जाते’ म्हणाली की बापाची. तिचा शब्द शेवटचा मानायचा असेल, तर तो आपल्याला न आवडणारा निघाला तरी मानावा लागतो. म्हणूनच तो शब्द मोकळ्या हवेत उच्चारला जाणे, हाच या साऱ्या खटाटोपाचा गाभा आहे.

१ जूनचा वाढदिवस

मर्जीचा प्रश्न येण्याआधी वयाचा प्रश्न येतो, आणि ग्रामीण महाराष्ट्रात तो भलताच गुंतागुंतीचा आहे. आपल्याकडे १ जून हा असंख्य लोकांचा वाढदिवस असतो. पूर्वी शाळेत नाव घालताना जन्मतारीख माहीत नसली की गुरुजी ती तारीख टाकून मोकळे होत. ही पद्धत आता ओसरली आहे. तरी दाखल्यावरची आणि खरी जन्मतारीख यांत काही महिन्यांचे अंतर असलेल्या मुली आजही आहेत. त्या काही महिन्यांवर सारे उभे असते. अठरा पुरे असतील तर ती मालकीण, नसतील तर तरुणावर अपहरणाबरोबर ‘पोक्सो’चाही गुन्हा आणि मुलगी बालकल्याण समितीपुढे. बाल न्याय अधिनियमाच्या ९४व्या कलमानुसार आधी शाळेचा किंवा मॅट्रिकचा दाखला, तो नसेल तर नगर परिषद वा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला आणि दोन्ही नसतील तरच वैद्यकीय चाचणी असा क्रम आहे. जोडपी मात्र आधार कार्डावर विसंबून राहतात. आधार हा जन्मतारखेचा पुरावा मानता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये सांगितले आहे.

अल्पवयीन मुलीला मर्जी नसतेच, असेही कायदा मानत नाही. स्वतःहून घर सोडलेल्या, समज आलेल्या मुलीला ‘पळवून नेले’ म्हणता येईल का, याचा विचार सर्वोच्च न्यायालयाने १९६४ मध्ये वरदराजन खटल्यात केला आणि आरोपीला निर्दोष सोडले. २०१२ मध्ये ‘पोक्सो’ आल्यानंतर मात्र अठराच्या आतील संमतीला शरीरसंबंधांच्या बाबतीत कायद्यात स्थान उरले नाही. ही तरतूद मुलींच्या रक्षणासाठी आहे, आणि तिची गरज नाकारता येणार नाही.

दोन मुली, दोन न्याय

याच ठिकाणी परतूरसारख्या तालुक्यातली एक विसंगती टोचते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत (२०१९-२१) महाराष्ट्रात वीस ते चोवीस वयोगटातील २१.९ टक्के स्त्रियांची लग्ने अठराच्या आत झालेली आढळली. शेजारच्या परभणी जिल्ह्यात हे प्रमाण जवळपास निम्मे होते, जालन्यात सुमारे तीनांमागे एक. ऊसतोडीला जाणारी कुटुंबे वयात आलेल्या मुलीला मागे कोणाच्या भरवशावर ठेवायचे, या चिंतेने तिचे हात पिवळे करतात. कारणे समजण्यासारखी आहेत. पण या शेकडो लग्नांत मुलीला तिची इच्छा कोण विचारते?

सोळाव्या वर्षी आईवडिलांनी बोहल्यावर उभी केलेली मुलगी आणि साडेसतराव्या वर्षी स्वतःच्या मर्जीने घर सोडलेली मुलगी, दोघीही कायद्याच्या लेखी अल्पवयीनच. दुसरीसाठी अपहरणाचा गुन्हा दाखल होतो, मोबाईलचे लोकेशन काढले जाते, पथके रवाना होतात, हेबियस कॉर्पस होते. पहिलीसाठी जेवणावळ होते. गावात ग्रामसेवक हा बालविवाह प्रतिबंधक अधिकारी असतो, १०९८ ही हेल्पलाइन असते. पण पहिलीला हजर करा म्हणून कोणी न्यायालयात गेल्याचे उदाहरण शोधावे लागेल. यंत्रणा हलते ती मुलीच्या अल्पवयामुळे की तिने घराची आज्ञा मोडल्यामुळे, असा प्रश्न या तुलनेतून उभा राहतो. त्याचे उत्तर समाजाला अडचणीचे आहे.

बापाची बाजू

इतके लिहिल्यावर फलाटावरच्या त्या बापाला खलनायक ठरवणे सोपे आहे. ते अन्यायाचे होईल. लग्नाच्या नावाखाली फसवणूक होते, मुली विकल्या जातात, नाव बदलून संसार थाटणारे आणि चार महिन्यांत सोडून देणारे महाभाग असतात. मुलगी अचानक दिसेनाशी झाली आणि फोन बंद लागला, तर बापाने शांत बसावे अशी अपेक्षा कोणी करू शकत नाही. शिवाय मुलगी गेली की भावकी, पाहुणे, जातीतली मंडळी सारे त्याच्याकडे बोट दाखवतात. धाकट्या मुलीचे लग्न अडते. जातपंचायतींच्या बहिष्काराविरुद्ध राज्याने २०१६ चा कायदा केला आहे, पण न बोलता घातलेल्या बहिष्काराला कोणते कलम लावणार?

हेबियस कॉर्पस या बापाला एक हक्क निश्चित देते : मुलगी जिवंत आहे, सुखरूप आहे आणि मोकळी आहे, हे जाणून घेण्याचा. तिला परत नेण्याचा हक्क मात्र ती देत नाही. अनेक याचिकांत मुलगी हजर होते, ‘मी मर्जीने गेले’ असे सांगते आणि याचिका निकाली निघते. बाप रिकाम्या हाताने परतीच्या गाडीत बसतो. त्याला वाटते, कोर्टाने काहीच दिले नाही. खरे तर त्याला जे मिळू शकत होते, ते सर्व मिळालेले असते.

राजकारणाने या दुःखाला वेगळे वळण दिले आहे. डिसेंबर २०२२ मध्ये राज्याने आंतरजातीय व आंतरधर्मीय विवाहांसाठी समन्वय समिती नेमली. टीकेनंतर दोनच दिवसांत ‘आंतरजातीय’ शब्द वगळला. फेब्रुवारी २०२५ मध्ये पोलीस महासंचालकांच्या अध्यक्षतेखाली सक्तीच्या धर्मांतराविरुद्धच्या कायद्याचा विचार करण्यासाठी समिती नेमली गेली. फसवणूक आणि सक्ती यांना शासन झालेच पाहिजे. पण सज्ञान स्त्रीच्या निवडीकडे मुळातच संशयाने पाहिले, तर पुन्हा ‘ही कोणाची?’ हाच रखमाबाईंच्या काळचा प्रश्न मागच्या दाराने आत येतो.

सव्वाशे किलोमीटरच्या अलीकडे

मग उपाय काय? उच्च न्यायालयाने आणखी निकाल देण्याने फार काही साधणार नाही. प्रश्न वेळेवर आणि जवळ विचारला जाण्याची व्यवस्था हवी, आणि तिचा बराचसा भाग कायद्यात आजही आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या १००व्या कलमानुसार (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे ९७वे कलम) बेकायदा कोंडून ठेवलेल्या व्यक्तीच्या शोधासाठी उपविभागीय दंडाधिकारी वा प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी वॉरंट काढू शकतात. १०१व्या कलमाखाली बेकायदा अडकवलेल्या स्त्रीला ‘तिचे स्वातंत्र्य’ परत देण्याचा आदेश देता येतो. उपविभागीय अधिकाऱ्यांचे कार्यालय परतुरातच आहे. न्यायालयही आहे. तरीही माणसे गाडी पकडतात, कारण जवळच्या दाराला कडी आहे की नाही हे त्यांना कोणी सांगितलेले नाही.

दुसरी गोष्ट जबाबाची. ठाण्यातल्या जबाबाऐवजी न्यायदंडाधिकाऱ्यापुढे १८३व्या कलमाखाली जबाब झाला, तोही नातेवाईक आणि पोलीस खोलीबाहेर असताना, तर त्या शब्दाला वजन येईल. तिसरी गोष्ट निवाऱ्याची. ‘शक्तिवाहिनी’ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष आणि जोडप्यांसाठी सुरक्षित निवारा असावा, असे सांगितले. महाराष्ट्राच्या गृह विभागाचे त्यासंबंधीचे परिपत्रक निघायला डिसेंबर २०२४ उजाडला. परिपत्रक कागदावर आहे. ते बसस्थानकावरच्या फलकावर, दूरध्वनी क्रमांकासह, दिसले पाहिजे. चौथी गोष्ट वकिलाची. विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाच्या १२व्या कलमाने कोणत्याही स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. १५१०० या क्रमांकावर त्याची माहिती मिळते. हा क्रमांक किती मुलींना पाठ आहे?

या चारही गोष्टींना नवा कायदा लागत नाही, मोठा निधीही लागत नाही. लागते ती एक सवय : मुलगी समोर उभी राहिली की तिच्या बापाकडे, नवऱ्याकडे, जमलेल्या गर्दीकडे न पाहता तिच्याकडे पाहण्याची. न्यायमूर्तींच्या दालनात ही सवय आता रुजू लागली आहे. ती परतूरच्या ठाण्यात आणि त्याआधी घराच्या ओट्यावर यायची आहे. लग्न ठरवतानाच जर कोणी तिला ‘तुझी इच्छा काय?’ असे खरेपणाने विचारले, तर पुष्कळ पिशव्या त्या सकाळच्या गाडीत चढणारच नाहीत.